चांद्याची सर्वांत अवघड झुंज

सुटीच्या दिवसांत मुलें पडद्यासमोर बसून जे खेळ खेळतात, त्यांकडे आमच्या वयाच्या माणसानें नाक मुरडावें, हा आतां जवळजवळ शिष्टाचारच झाला आहे. तो आम्हीही पुष्कळ दिवस इमानानें पाळला. परंतु गेल्या दिवाळींत भाचा घरीं आला असतां त्यानें आम्हांस आग्रहानें जवळ बसवून घेतलें. खेळ 'राजी' नांवाचा, पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळींनीं २०२० सालीं काढलेला. असुरांनीं पळविलेल्या धाकट्या भावाच्या शोधांत एक मुलगी निघते. तिच्या हातीं दुर्गेचा त्रिशूळ असतो. लहानसहान असुर पटापट पडत जातात, पण मधूनमधून एखादा असा प्रतिपक्षी वाट अडवून उभा राहतो कीं, त्याला पाडल्यावांचून पुढें जातां येत नाहीं. मुलें त्याला 'बॉस' म्हणतात. आमच्या पिढीस हा शब्द कचेरींतील वरिष्ठासाठींच ठाऊक. परंतु थोडा विचार करतां अर्थांत फारसा फरक नाहीं असें वाटलें!

"मामा, याच्या हातून मी अकरा वेळां मेलों," असें भाचा मोठ्या अभिमानानें सांगत होता. बाराव्या खेपेस त्यानें त्याला पाडलें, आणि मग आमच्याकडे वळून विचारलें, "तुमच्या चांद्याच्या इतिहासांत सर्वांत अवघड बॉस कोण?" आम्हीं हंसून वेळ मारून नेली. प्रश्न मात्र मनांतून गेला नाहीं. चंद्रपूर व गडचिरोली हे जिल्हे १९८२ पर्यंत एकच होते, आणि जुन्या माणसांच्या तोंडीं तो सारा मुलूख अजून 'चांदा'च आहे. या मुलुखांत कोण कोणास अडवून उभें राहिलें, हें पाहूं गेल्यास उत्तर वाटतें तितकें सोपें निघत नाहीं.

या शहराची उत्पत्तीच मुळीं एका झुंजींतून सांगतात, आणि तींतील वीर कोण म्हणाल, तर एक ससा. गोंड राजा खांडक्या बल्लाळशहा शिकारीस निघाला असतां तहानेनें व्याकुळ होऊन झरपट नदीच्या पात्रांत आला. तेथील पाण्यानें त्याच्या अंगावरील व्रण बरे झाले. पुढें त्या जागीं अचलेश्वराचें देऊळ उभें राहिलें. त्याच रानांत कपाळावर पांढरा ठिपका असलेला एक ससा राजाच्या कुत्र्यावर उलटला. कुत्रा पुढें आणि ससा मागें, अशी ती विपरीत शर्यत मोठें वर्तुळ घालून फिरली, व शेवटीं कुत्र्यानें सशास मारिलें. राणीनें सल्ला दिला कीं, ज्या वाटेनें ही जोडी धांवली त्याच वाटेनें तट बांधावा. मात्र जेथें ससा पडला त्या ठिकाणीं विशेष मजबुती ठेवावी, कारण शहरास धोका असेल तर तेथूनच. कथा म्हणून ती कशीही असो, तींत एक शहाणपण आहे. तट बांधणारास आपला तट कोठें फुटेल याची चिंता पहिल्या दिवसापासून असते, हें कथा रचणारास पक्कें ठाऊक होतें.

तट खरोखरच मोठा झाला. पश्चिमेस इरई, पूर्वेस झरपट, आणि भोंवतीं सुमारे सात मैलांचा, म्हणजे आजच्या मापानें अकरा किलोमीटरांचा, दगडी परकोट. जटपुरा, बिनबा, पठाणपुरा व अचलेश्वर असे चार दरवाजे आणि बगड, हनुमान, विठोबा, चोर व मसण अशा पांच खिडक्या. एका राजाच्या आयुष्यांत हें काम संपलें नाहीं, पिढ्या लागल्या. आणि इतकें करून १७५१ मध्यें रघूजी भोंसल्यानें हें राज्य घेतलें, तेव्हां या तटाशीं मोठी झुंज झाल्याचें कोणी सांगत नाहीं. राज्य आंतून पोखरलें असलें म्हणजे दगड काय करणार?

तटाबाहेर, उत्तरेच्या दाट रानांत, दुसरी एक झुंज लोकांच्या स्मरणांत आहे. तारू नांवाचा एक गांवप्रमुख वाघाशीं लढतां लढतां मेला. त्याचा देव झाला, आणि ताडोबाचें तळें, रान व आज जगप्रसिद्ध झालेला व्याघ्रप्रकल्प हीं सर्व त्याच्या नांवानें ओळखलीं जातात. तळ्याच्या कांठीं झाडाखालीं त्याचें ठाणें आहे, व पौषांत आदिवासी भाविक तेथें येत आले आहेत. आम्हांस या कथेंत विशेष वाटतें तें हें कीं, येथें देवपण जिंकणारास मिळालें नाहीं, हरणारास मिळालें. खेळांत हरणारास फक्त 'पुन्हां आरंभ करा' असें सांगतात.

आतां खऱ्या, कागदपत्रांत नोंदलेल्या झुंजीकडे येऊं. साल १८१८. आदल्या नोव्हेंबरांत सीताबर्डीच्या टेकड्यांवर नागपूरकरांचा पराभव झाला होता. मार्चांत अप्पासाहेब भोंसल्यांस इंग्रजांनीं कैद केलें. दुसरा बाजीराव पेशवा पाठीवर फौजा घेऊन पूर्वेकडे पळत होता, व त्याचा रोंख चांद्याकडे होता. नकाशा पुढें घेऊन पाहावें, म्हणजे या किल्ल्याचें त्या क्षणाचें महत्त्व ध्यानांत येतें. नागपूर गेलेलें, पुणें गेलेलें. दोन मोडलेल्या सत्तांस एकत्र येण्यास उरलेली मजबूत जागा म्हणजे हें जंगलाच्या तोंडावरचें शहर. इंग्रजांसही तें कळत होतें. त्यांची एक तुकडी आधींच चांद्याच्या वाटेवर येऊन बसली, आणि १७ एप्रिल रोजीं कर्नल ॲडम्सनें पांढरकवड्याजवळ शिवणी येथें बाजीरावास गांठून त्याची दाणादाण केली. बाजीराव दुसरीकडे वळला. ॲडम्स मात्र चांद्यावर चालून आला, व ९ मे रोजीं शहरापुढें येऊन ठेपला.

ज्यांनीं चांद्याचा मे महिना काढला आहे त्यांस या तारखेचा अर्थ सांगावयास नको. सकाळीं नऊलाच दगड हात लावूं देत नाहीं. अशा उन्हांत बाहेरचे लोक मोर्चे रचीत होते, आणि आंतले लोक तटावर उभे होते. किल्लेदार होता गंगासिंग. त्यानें दरवाजे उघडले नाहींत. तोफांनीं तटास खिंडार पाडलें, आणि २० मेच्या सकाळीं स्कॉटच्या हाताखालीं हल्ल्याची तुकडी त्या खिंडारांतून आंत घुसली. गंगासिंग लढतां लढतां पडला. शहर गेलें.

एवढी हकीकत पुस्तकांतून दोन ओळींत येते, व पुष्कळदां तेवढीही येत नाहीं. परंतु तिच्यांत एक गोष्ट अशी आहे कीं, ती आम्हांस वारंवार मागें ओढते. गंगासिंग कोणासाठीं लढत होता? ज्या पेशव्याची वाट पाहावयाची तो महिन्यापूर्वींच तोंड फिरवून निघून गेला होता, आणि जूनच्या ३ तारखेस तो माल्कमच्या स्वाधीन झाला. स्वतःचा धनी अप्पासाहेब कैदेंत अलाहाबादेच्या वाटेवर होता. वेढा चालू असतांनाच, मेच्या मध्यास, तो शिपायाच्या वेषांत पहाऱ्यांतून निसटला. परंतु ही वार्ता वेढ्याच्या आंत पोंचली असेल असें आम्हांस वाटत नाहीं. म्हणजे वीस तारखेच्या सकाळीं खिंडारासमोर उभ्या असलेल्या माणसास पाठीशीं येणारी फौज नव्हती, आज्ञा देणारा राजा नव्हता, व जिंकलों तरी पुढें काय याचें उत्तरही नव्हतें. कोणी म्हणेल, हा वेडेपणा होता. दरवाजे उघडले असते तर शेंकडों माणसें वांचलीं असतीं. हा आक्षेप हलका नाहीं, आणि आम्ही तो हसण्यावारी नेत नाहीं. आमचे एक मित्र, जे सरकारी नोकरींत आयुष्य घालवून आतां निवृत्त झाले आहेत, ते नेहमीं हेंच म्हणतात. परंतु किल्लेदाराचें काम किल्ला राखण्याचें, आणि ज्यानें तो सोंपविला त्याच्याकडून निरोप येईपर्यंत तें संपत नाहीं, एवढी साधी समजूत त्या माणसाची असावी. निरोप आला नाहीं.

भाच्याच्या खेळाची आठवण आम्हांस येथें झाली. त्या खेळांत आपण नेहमीं चाल करून जाणारे असतों. दार अडवून उभा असलेला जो कोणी, त्यास घर नसतें, मागें कोणी नसतें. त्याचें सारें प्रयोजन आपल्या हातून मरण्यापुरतें. चांद्याचा वेढा ॲडम्सच्या बाजूनें पाहिला तर गंगासिंग हा असाच शेवटच्या दारावरचा 'बॉस'. इंग्रजी बखरींत तो तसाच दिसतो. आम्ही मात्र त्या दाराच्या आंतल्या बाजूस राहणारे लोक आहों.

चाळीस वर्षांनीं दुसरी गांठ पडली, व ती तटाशीं नसून रानाशीं होती. नागपूरचें राज्य १८५४ मध्यें खालसा झालें होतें. १८३३ मध्यें जन्मलेला मोलमपल्लीचा तरुण जमीनदार बाबुराव पुलेश्वर शेडमाके यानें सप्टेंबर १८५७ मध्यें गोंड तरुणांची 'जंगोम' सेना उभी केली. ते पांचशे होते असें सांगतात. पुढच्या मार्चांत त्यानें राजगड परगणा घेतला. डेप्युटी कमिशनर कॅप्टन क्रिक्टननें पाठविलेल्या फौजेस नांदगांव-घोसरी येथें मागें हटावें लागलें. अडपल्ली-घोटचा जमीनदार व्यंकटराव येऊन मिळाला. एप्रिलांत गढी सुर्ला व सगणापूर येथें चकमकी झाल्या. डोंगरावरून लोटलेले दगड हीच तेथील गोंडांची तोफ. २९ एप्रिल १८५८ रोजीं प्राणहितेच्या कांठीं चिंचगुंडी येथें तारखात्याच्या छावणीवर हल्ला होऊन गार्टलँड व हॉल हे दोघे मारले गेले. तिसरा, पीटर, निसटला. छापा तारखात्यावर पडावा याचें आम्हांस फार आश्चर्य वाटत नाहीं. रानांतील माणसास सत्तेचें खरें बळ कशांत आहे हें शहरांतल्या माणसाइतकेंच कळतें.

हा प्रतिपक्षी क्रिक्टनला बळानें जिंकतां आला नाहीं. त्यानें दुसरा मार्ग धरला. अहेरीची जमीनदारीण लक्ष्मीबाई हिच्यावर त्यानें दडपण आणलें. उन्हाळ्यानंतर बाबुराव एकदां पकडला गेला व निसटला; परंतु १८ सप्टेंबर रोजीं लक्ष्मीबाईच्या माणसांनीं त्यास धरून इंग्रजांच्या हवालीं केलें. २१ ऑक्टोबर १८५८ रोजीं चांद्याच्या तुरुंगांत त्यास फांशी दिलें. लक्ष्मीबाईस जप्त मुलुखांतील गांवें इनाम मिळालीं. तिच्याविषयीं कठोर शब्द लिहिणें सोपें आहे, आणि बरेच लेखक तो सोपा मार्ग पत्करतात. तिच्यापुढें आपली जमीनदारी वांचविण्याचा प्रश्न होता व समोर चार वर्षांपूर्वीं एक अख्खें राज्य गिळून बसलेलें सरकार होतें, हेंही लिहिलें पाहिजे. व्यंकटराव बस्तरच्या रानांत गेला. तो १८६० मध्यें हातीं लागला, व त्यास जन्मठेप झाली.

बाबुरावास फांशी देतांना दोर पुनःपुन्हां तुटला, असें गोंडांची कथा सांगते. ताडोबाचें बळ त्याच्या अंगीं होतें, असेंही सांगते. तुरुंगाच्या आवारांतील पिंपळाजवळ दर वर्षीं त्या तारखेस माणसें जमतात. गंगासिंगाच्या नांवानें कोठें कोणी जमतें असें आमच्या पाहण्यांत नाहीं. एकाच्या मागें त्याची जमात उभी राहिली; दुसऱ्याच्या मागें एक बुडालेलें राज्य होतें.

मग सर्वांत अवघड कोण? जिंकणारास किती दिवस लागले यावर माप ठरवावयाचें, तर बाबुरावानें सहा महिने घेतले, गंगासिंगानें अकरा दिवस. परंतु बाबुरावास रान होतें, आणि प्रत्येक चकमकीनंतर मागें सरण्यास जागा होती. गंगासिंगास ती नव्हती. म्हणून आम्ही, थोड्या संकोचानें, आपलें मत त्याच्या पारड्यांत टाकतों. आमच्या वर्गांतील गडचिरोलीकडचे विद्यार्थी हें मान्य करीत नाहींत, आणि त्यांचा आवाज आमच्यापेक्षां मोठा आहे.

सुटी संपण्याच्या आदल्या दिवशीं भाच्यास घेऊन आम्ही तट पाहावयास गेलों. २०१७ पासून इको-प्रो संस्थेच्या तरुणांनीं झाडेंझुडपें तोडून त्याची सफाई केल्यामुळें आतां वरून चालतां येतें. येतांना जटपुरा दरवाजाशीं नेहमींप्रमाणें वाहनांची कोंडी झालेली. गोंड राजांचें चिन्ह या दरवाजांवर कोरलेलें आहे: हत्तीवर झेंपावलेला सिंह. भाचा मान वर करून तें बराच वेळ पाहत राहिला, आणि मग त्यानें विचारलें, "मामा, यांतला बॉस कोणता?" आम्ही उत्तर शोधीत होतों, इतक्यांत मागच्या ट्रकानें भोंगा वाजविला, व आम्हां दोघांस कमानीखालून पुढें सरकावें लागलें.