समुद्रतळीची संतती

इतिहासाला कागदाचा आधार हवा, असे आम्ही मानीत आलो. परंतु ज्यांच्याविषयीचा कागद त्यांच्या मालकांनीच लिहिला, त्यांचा इतिहास कोणी सांगावा? आफ्रिकेतून अटलांटिकपार गेलेल्या गुलामांच्या जहाजांचा विचार करताना हा प्रश्न आम्हांला अस्वस्थ करतो. सुमारे साडेतीन शतकांत १ कोटी २५ लक्षांच्या आसपास माणसे त्या जहाजांवर चढविली गेली. त्यांतील सुमारे १८ लक्ष पैलतीरी पोहोचलीच नाहीत.

१७८१ च्या नोव्हेंबरअखेर 'झाँग' या इंग्रजी जहाजाने जमैकाचा मार्ग चुकविला. पिण्याचे पाणी पुरणार नाही, ही सबब सांगून खलाशांनी १३० हून अधिक बंदिवान समुद्रात लोटले. मालकांनी विमेवाल्यांकडे दर माणशी ३० पौंड भरपाई मागितली. १७८३ साली लंडनमध्ये खटला चालला, तो खुनाचा नव्हे, विम्याचा! पंचांनी प्रथम मालकांना कौल दिला. पुढे लॉर्ड मॅन्सफील्ड यांनी फेरसुनावणीची आज्ञा केली. स्वतः दास्य भोगलेल्या ओलाउदा इक्विआनो यांनी ग्रॅनव्हिल शार्प यांना ही वार्ता दिली, शार्प यांनी खुनाची फिर्याद व्हावी म्हणून खटपटही केली. परंतु शासन कोणासही झाले नाही.

कायद्याने ज्यांना माल म्हटले, त्यांना दोन शतकांनी वंश मिळाला. कृष्णवर्णीयांनी घडविलेल्या टेक्नो संगीताचे माहेर म्हणजे अमेरिकेतील डेट्रॉइट शहर. तेथील जेम्स स्टिन्सन आणि जेराल्ड डोनाल्ड यांनी 'ड्रेक्सिया' या नावाने रचना केल्या. १९९७ च्या 'द क्वेस्ट' या संग्रहासोबत त्यांची पुराणकथा छापली गेली. जहाजांवरून फेकलेल्या गर्भवतींची बाळे पाण्यातच जन्मली. गर्भजलात जगलेल्या त्या जिवांना सागरातही श्वास घेता आला, आणि समुद्रतळी त्यांचे राष्ट्र वसले! २०१९ साली रिव्हर्स सॉलोमन यांनी 'द डीप' या कादंबरीत ही कल्पना पुढे नेली. तेथे जलवासीयांच्या साऱ्या वेदनेची आठवण एकटीच व्यक्ती वाहते. इतर सुखाने विसरतात.

तो विसर आम्हांलाही परका नाही. पोर्तुगीज जहाजांनी मोझांबिकहून गोव्यातही गुलाम आणले. उत्तर कानड्यातील अनेक सिद्दी कुटुंबांच्या मुखी आज कोंकणी आहे. आमच्या पश्चिम समुद्राच्या कथांत मात्र त्यांच्या पूर्वजांना जागा किती?

ड्रेक्सियाची कथा इतिहास नव्हे, हे आम्ही जाणतो. परंतु विम्याच्या वहीत मृतांची किंमत मिळते, माता मिळत नाहीत. ती उणीव कथेने भरून काढली. जेथे समाधी बांधता येत नाही, तेथे स्मृतीला कथेचाच आश्रय घ्यावा लागतो.