पंजाबराव : एका वऱ्हाडी नांवाची कुळकथा

गेल्या पावसाळ्यांत एके दिवशीं तास संपवून मी आपल्या खोलींत येऊन बसतों न बसतों तोंच एक विद्यार्थी हातांत कसलासा छापील अर्ज घेऊन दारांत उभा राहिला. नांव बदलल्याची सूचना सरकारी राजपत्रांत छापवून आणावयाची होती आणि त्याविषयीं त्यास माझा सल्ला पाहिजे होता. दर्यापूर तालुक्यांतील एका शेतकऱ्याचा हा मुलगा. पणजोबांचें नांव त्यास ठेवलेलें, आणि तें नांव पंजाबराव. "काय रे, या नांवांत वाईट तें काय आहे?" असें मीं विचारतांच तो खालीं पाहून म्हणाला, "सर, पुण्याले परीक्षेले गेलो त् पोरं इचारतात, तू सरदारजी हायेस काय? अन् मामा म्हणते, हे नाव आपलं नोयच, मुसलमानी हाये."

पहिली अडचण हंसण्यावारी नेतां आली. दुसरीला मात्र त्या वेळीं मला नीट उत्तर देतां आलें नाहीं. चार दिवसांनीं ये, असें सांगून मीं त्यास परत पाठविलें आणि जुनीं पुस्तकें काढून बसलों. त्या बैठकीचें फळ वाचकांपुढें ठेवीत आहें, कारण हा प्रश्न त्या एकट्या मुलाचा नाहीं. वऱ्हाडांतील कोणत्याहि जुन्या घराची वंशावळ उघडून पाहावी, तींत रामराव, महादेवराव, विठ्ठलराव यांच्या मांडीला मांडी लावून गुलाबराव, साहेबराव, उमराव, दौलतराव, हैबतराव आणि सर्जेराव बसलेले दिसतील. मामांचें म्हणणें खरें मानलें, तर निम्मे पूर्वज परके ठरतात!

प्रथम नांवाची फोड करूं. 'पंजाब' हा फार्सी सामासिक शब्द आहे. 'पंज' म्हणजे पांच आणि 'आब' म्हणजे पाणी; पांच नद्यांच्या पाण्यावर पोसलेला मुलूख तो पंजाब. १३३३ सालीं सिंधुकांठीं येऊन पोंचलेल्या इब्न बतूता या प्रवाशाच्या वृत्तांतांत हा शब्द आला आहे, आणि पुढें मोंगलांच्या राजवटींत तो त्या प्रांताचें नांव म्हणून रूढ झाला. येथवर मामांचा पक्ष बळकट दिसतो. परंतु फार्सी लिपी अरबी असली तरी फार्सी भाषा अरबीची कन्या नव्हे. ती संस्कृताची नात्यानें बहीण लागते. फार्सींतील 'पंज' आणि आपला 'पञ्च' हीं एकाच मुळाचीं दोन रूपें. 'आब' म्हणजे संस्कृतांतील 'आप्', जो आपल्या घरांत जेवणापूर्वींच्या आपोष्णींत अजून टिकून आहे. महाभारतांत याच प्रदेशास 'पंचनद' म्हटलें आहे. राहिला 'राव'. तो संस्कृत 'राजन्' शब्दाचा प्राकृतांतून आलेला वंशज. अर्थात् 'पंजाबराव' या नांवाचे तीन तुकडे केले, तर तीनहि एकाच कुळांतले निघतात. त्यांतले दोन इराणांत वाढून परत आले, एवढाच काय तो भेद.

'गुलाब' शब्दाची कथा याहून गंमतीची आहे. फार्सींत फुलास 'गुल' म्हणतात, आणि 'गुलाब' म्हणजे त्या फुलाचें सुगंधी पाणी. आपण पाण्याचें नांव फुलाला देऊन टाकलें, आणि मग पाण्यासाठीं शब्द उरला नाहीं म्हणून 'गुलाबपाणी' असा नवा शब्द घडविला. म्हणजे लग्नमंडपांत आपण पाहुण्यांवर जें शिंपडतों, त्याच्या नांवांत पाणी दोनदां आलें आहे! परका शब्द पाहुणा म्हणून आला आणि घरचा होऊन गेला, याची यापेक्षां चांगली खूण कोणती? 'साहेब', 'उमराव', 'दौलत', 'हैबत' हे मात्र मूळचे अरबी शब्द. ते फार्सीच्या हातांतून आपल्याकडे आले. सर्जेरावांतील 'सर्जा' हा फार्सी 'शर्झा', म्हणजे खवळलेला सिंह. तो आपल्या शेतकऱ्याला इतका आवडला कीं त्यानें मुलाबरोबर बैलालाहि तेंच नांव दिलें.

आतां हे शब्द वऱ्हाडच्या पाळण्यापर्यंत कसे पोंचले, तें पाहूं. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धांत अमरावती जिल्ह्यांतील रिद्धपूर येथें म्हाइंभटांनीं 'लीळाचरित्र' सिद्ध केलें. मराठीच्या या आद्य गद्यग्रंथांत भेटणारीं माणसें म्हणजे नागदेव, महदंबा, बाइसा, आउसा. हीं सारीं नांवें देशी आहेत. १२९६ सालीं अल्लाउद्दीन खिलजी एलिचपुरावरून देवगिरीवर चालून गेला, आणि त्या वाटेनें सैन्याबरोबर एक नवी राजभाषाहि दक्षिणेंत उतरली. पुढें बहामनी राज्य झालें. गाविलगड आणि नरनाळा हे किल्ले त्या सुलतानांनीं बळकट केले. १४९० सालीं फत्तेउल्ला इमादुल्मुल्क यानें वऱ्हाडांत स्वतंत्र गादी स्थापिली. हा फत्तेउल्ला विजयनगरच्या मुलखांतील एका कानडी हिंदु घरांत जन्मलेला आणि लहानपणीं युद्धांत पकडला गेलेला होता, असें इतिहासकार फेरिस्ता सांगतो. १५७४ पर्यंत ही इमादशाही टिकली. नंतर निजामशाही, १५९६ पासून मोंगल, आणि पुढें हैदराबादचा निजाम व नागपूरकर भोसले यांचा दुहेरी अंमल. १८०३ सालीं अकोला जिल्ह्यांतील अडगांवच्या रणांत आणि गाविलगडावर भोसल्यांचा मोड झाला, आणि १८५३ सालीं वऱ्हाड इंग्रजांच्या कारभाराखालीं गेला.

साडेपांचशें वर्षांच्या या काळांत गांवचा वसूल देशमुख-देशपांड्यांच्या हातून जात होता. 'देशमुख' हा शब्द संस्कृत. पण त्याचें 'वतन' अरबी, त्याची 'सनद' अरबी आणि ती लिहिणारा मुनशी फार्सी जाणणारा. दरबारांत मान म्हणजे काय, तें त्या शब्दांतून दिसे. वऱ्हाडच्या काळ्या मातींत राबणाऱ्या बापास आपल्या लेकरानें मोठें व्हावें असें वाटलें, तेव्हां मोठेपणाचे जे शब्द त्याच्या कानांवर होते, तेच त्यानें बारशाच्या दिवशीं मुलाच्या कानांत सांगितले. साहेब हो, उमराव हो, तुझी हैबत राहो! आणि पुढें 'राव' लावून त्या शब्दांवर आपली मराठी मोहोर उठविली. पंजाब हा शब्द तर मराठी मनाला निराळ्या अर्थानेंहि जवळचा आहे. नामदेवांची एकसष्ट पदें शीखांच्या ग्रंथसाहेबांत आहेत, आणि १७५८ सालीं रघुनाथरावांच्या फौजांनीं लाहोर घेतल्यापासून अटकेपारच्या झेंड्यांचें नांव आपल्या तोंडांतून गेलेलें नाहीं.

येथें एक आक्षेप येईल, आणि तो दुर्लक्ष करण्याजोगा नाहीं. हीं नांवें म्हणजे दास्याच्या खुणाच नव्हेत काय? खुद्द शिवछत्रपतींनीं 'राजव्यवहारकोश' करवून घेऊन कारभारांतील फार्सी-अरबी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले, मग आपण नांवें कां बदलूं नयेत? याला माझें उत्तर असें कीं, शिवरायांनीं काय बदललें हें जसें पाहावें, तसें काय बदललें नाहीं हेंहि पाहावें. कारभाराची भाषा ही सत्तेची खूण असते. नवें राज्य झालें कीं ती बदलणें युक्तच आहे. परंतु ज्यांच्या पुत्रानें हें राज्य स्थापिलें, त्यांचें नांव शहाजी, आणि त्यांच्या धाकट्या भावाचें शरीफजी. नगरच्या शाह शरीफ या पीरास मालोजीरावांनीं नवस केला व त्यावरून हीं नांवें पडलीं, अशी परंपरा आहे. पित्याचें नांव शुद्ध करून घ्यावें, असें त्या महापुरुषास वाटलें नाहीं. नांव हें दप्तरांतलें कलम नव्हे. तें आईबापांनीं दिलेलें असतें. माधव जूलियन यांचेंहि उदाहरण घेण्यासारखें आहे. १९२५ सालीं फार्सी-मराठी कोश देणारे हे कवि पुढें भाषाशुद्धीचे कट्टे पुरस्कर्ते झाले, आणि १९३८ सालीं त्यांनीं 'भाषाशुद्धि-विवेक' लिहिला. पण 'जूलियन' हें इंग्रजी वाङ्मयांतून उचललेलें टोपणनांव कांहीं त्यांना सुटलें नाहीं, आणि मराठी वाचकानेंहि तें कधीं परकें मानलें नाहीं.

हा प्रकार आपल्याच देशांतला आहे, असेंहि नाहीं. युरोपांतील हंगेरी देशांत मुलाचें 'झोल्तान' असें एक जुनें नांव आहे. तेथील आद्य राजवंशाचा संस्थापक अर्पाद याच्या मुलाचें नांव झोल्ता होतें. मध्यंतरीं मागें पडलेलें हें नांव एकोणिसाव्या शतकांत राष्ट्राभिमानाच्या लाटेंत पुन्हां प्रचारांत आलें. १८८२ सालीं जन्मलेला थोर संगीतकार झोल्तान कोदाय यानें तें जगभर नेलें. या नांवाचें मूळ पाहूं जातां तें निघतें 'सुलतान'! जुन्या तुर्की लोकांच्या सहवासांतून ही पदवी हंगेरियन लोकांकडे आली. पुढें त्याच लोकांना १५२६ सालीं मोहाचच्या रणांत तुर्की सुलतानानें धूळ चारली, आणि त्यांची राजधानी बुदा १५४१ पासून १६८६ पर्यंत तुर्कांच्या ताब्यांत राहिली. सुलतानाशीं पिढ्यान् पिढ्या झुंजलेल्या या ख्रिस्ती राष्ट्रानें आपल्या मुलांचें नांव झोल्तान ठेवण्यांत कमीपणा मानला नाहीं. उलट तें अस्सल आपलें म्हणून जपलें. नांव कोठून आलें यापेक्षां तें कोणीं वाहिलें, यावरून तें आपलें कीं परकें हें ठरतें.

तें कोणीं वाहिलें, एवढेंच आतां पाहावयाचें. २७ डिसेंबर १८९८ रोजीं अमरावती जिल्ह्यांतील पापळ या लहानशा गांवीं शामराव देशमुख यांच्या घरीं मुलगा झाला. त्याचें नांव पंजाबराव. शेतकऱ्याच्या या मुलानें विलायतेस जाऊन वेदवाङ्मयांतील धर्माचा उगम आणि विकास या विषयाचा अभ्यास केला, आणि त्यावरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९३३ सालीं प्रसिद्ध झाला. योगायोग पाहा. ऋग्वेदाच्या ऋषींनीं वितस्ता, असिक्नी, परुष्णी, विपाशा आणि शुतुद्री या ज्या नद्यांची नांवें घेतलीं, त्यांच्याच पांच पाण्यांचें नांव धारण करणारा वऱ्हाडी मुलगा त्या ऋचांचा अर्थ लावीत बसला होता! मायदेशीं परतल्यावर अंबादेवीच्या मंदिरप्रवेशाच्या लढ्यांत ते पुढें झाले. १९३२ सालीं त्यांनीं अमरावतीस श्री शिवाजी शिक्षण संस्था स्थापन केली. घटना समितींत ते बसले, आणि १९५२ पासून १९६२ पर्यंत केंद्रांत कृषिमंत्री होते. १० एप्रिल १९६५ रोजीं ते गेले. वऱ्हाड त्यांना 'भाऊसाहेब' म्हणतो. त्यांतहि 'भाऊ' संस्कृत 'भ्रातृ' शब्दाचा आणि 'साहेब' अरबी, ज्याचा मूळ अर्थ सोबती. आपल्या माणसास हांक मारण्यासाठीं वऱ्हाडानें निवडलेला हा शब्द कोणास परका वाटला आहे काय?

त्यांच्या आधीं सतरा वर्षें, १८८१ सालीं, याच जिल्ह्यांत गुलाबराव महाराज जन्मले. लहानपणींच दृष्टि गेलेल्या या प्रज्ञाचक्षु पुरुषानें अवघ्या चौतीस वर्षांच्या आयुष्यांत वेदान्तावर विपुल ग्रंथरचना केली, आणि स्वतःस ज्ञानेश्वरांची कन्या म्हणविलें. ज्ञानदेवांची ही कन्या 'गुलाब' या फार्सी नांवानेंच संतमालिकेंत बसली आहे. तिला तेथून उठविण्याचें धाडस कोण करील?

चार दिवसांनीं तो विद्यार्थी पुन्हां आला. मीं त्यास वर लिहिलेलें बरेंचसें सांगितलें, आणि शेवटीं विचारलें, "तुमच्या शेतांत कपाशीचें बीं कोणतें पेरीत असत?" आजोबा पूर्वीं 'पीकेव्ही'चें पेरीत, असें तो म्हणाला. अकोल्यास २० ऑक्टोबर १९६९ रोजीं कृषि विद्यापीठ स्थापन झालें, त्यास भाऊसाहेबांचें नांव आहे. त्या विद्यापीठानें काढलेल्या कपाशीच्या वाणांत 'पीकेव्ही हायब्रीड-२' आणि 'पीकेव्ही रजत' हे शेतकऱ्यांच्या तोंडीं बसलेले. यांतला 'पी' कशाचा, हें त्यास ठाऊक नव्हतें. "तो पंजाबरावांतला," असें मीं सांगितलें, तेव्हां तो थोडा वेळ गप्प राहिला. पांच नद्यांचें नांव असें बियाण्याच्या पिशवींतून वऱ्हाडच्या काळींत पडून राहिलें आहे.

नांव बदलण्याचा त्याला कायद्यानें अधिकार आहे, आणि तो त्यानें वापरला तरी माझा राग नाहीं. मीं एवढेंच सुचविलें कीं, बदलणें असेल तर तें पुण्याच्या मुलांच्या थट्टेस कंटाळून बदलावें. पणजोबा परके होते म्हणून बदलूं नये. त्यानें अर्जाची घडी घालून खिशांत ठेवली, 'येतो सर' म्हणाला, आणि गेला. त्यानें पुढें काय केलें तें मीं विचारलेलें नाहीं. हजेरीच्या पटावर मात्र अजून मी पंजाबराव असेंच पुकारतों, आणि तो 'हजर' म्हणतो. हा 'हजर' शब्दहि अरबीच आहे, हें त्यास सांगावयाचें अजून राहून गेलें आहे.