ओसाड हिर्टा

स्कॉटलंडच्या पश्चिमेस, अटलांटिक महासागरात, सेंट किल्डा हा चिमुकला द्वीपसमूह आहे. त्यातील हिर्टा बेटावरचे गेलिकभाषक रहिवासी उभ्या कड्यांवरून दोराने उतरून समुद्रपक्षी धरीत. त्यांचे मांस खात, तेल दिव्यात जाळीत आणि पिसे खंडापोटी जमीनमालकास देत. पुढे स्थलांतराने व रोगराईने मनुष्यबळ खचले. अखेर २९ ऑगस्ट १९३० रोजी उरलेल्या ३६ जणांनी, स्वतःच केलेल्या विनंतीनुसार, बेट सोडले. निघताना त्यांनी घरोघरी बायबल उघडे ठेवले, असे सांगतात. पक्षी राहिले, परंतु माणसाच्या आसऱ्याने जगणारा तेथील घरउंदीर काही वर्षांतच नामशेष झाला. मनुष्याचा इतिहास व निसर्गाचा इतिहास आपण ग्रंथालयात निरनिराळ्या कपाटांत ठेवतो. हिर्टावर मात्र तो एकच ग्रंथ होता.