संघभेद आणि राजरक्षण

बीड जिल्ह्यांतून दरवर्षीं दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या कारखान्यांकडे निघतात. तोडणाऱ्या जोडप्यास तेथें 'एक कोयता' म्हणून मोजतात. मुकादमाकडून घेतलेली उचल फेडण्यास टोळी बांधलेली असते. आणि दरवाढीकरितां 'कोयता बंद' पुकारला गेला म्हणजे ती संपासहि बांधली जाते. त्यांतून संघटना एक नाहीं. २०२० च्या ऑक्टोबरांत मांजरी येथें सरासरी १४ टक्के वाढीवर तडजोड झाली, तेव्हां कांहीं पुढाऱ्यांनीं ती मान्य केली व कांहींनीं अपुरी ठरविली. अशा वेळीं कामास निघणाऱ्या मजुराचें रक्षण राजसत्तेनें कोणत्या न्यायानें करावें, हा प्रश्न आज नवा भासतो; पण आमच्या मतें तो फार जुना आहे.

नारदस्मृतींत 'समयस्यानपाकर्म' नांवाचें एक व्यवहारपद आहे. श्रेणी, गण इत्यादि समूहांनीं आपसांत ठरविलेले करार राजानें पाळवावे, असें तेथें सांगितलें आहे. परंतु समूहांनीं एकमेकांस अपाय करणें, त्याकरितां शस्त्र धरणें, हें त्यानें मुळींच सहन करूं नये, अशीहि आज्ञा आहे. याज्ञवल्क्याचेंहि मत असेंच असून, समूहाचा करार मोडणाराचें सर्वस्व हरण करून त्यास राज्याबाहेर घालवावें, इतका तो कठोर आहे. त्यावर मिताक्षरा लिहिणारा विज्ञानेश्वर कल्याणीचा. तें नगर बीडच्या आग्नेयेस आहे. यावरून एक गोष्ट उघड होते. स्मृतिकार समूहास ओळखतात. समूहाविरुद्ध एकट्यानें कामास जाणाऱ्या मजुरास ते ओळखीत नाहींत. मारहाणीपासून त्याचें रक्षण होईल, पण त्याच्या मतास आधार मिळणार नाहीं.

अर्वाचीन कायद्यानें या प्रश्नाचें उत्तर कसें दिलें, हें मुंबईच्या गिरण्यांत पाहावें. बीड १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यांत होतें, म्हणून हा दाखला बाहेरचा घ्यावा लागतो. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्यानें एका धंद्यास एका स्थानीं एकच प्रातिनिधिक संघ मानला. गिरणीधंद्यांत तो मान राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे होता; परंतु १८ जानेवारी १९८२ रोजीं संप सुरू झाला तो डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखालीं, व त्यांत सुमारें २,५०,००० कामगार उतरले. जे कामावर परतले त्यांस पोलिसांचें संरक्षण मिळालें. तें देणें युक्तच होतें. पण सरकारनें एका संघास आधींच खरा ठरविलें असल्यामुळें संपकऱ्यांस तो पहारा पक्षपातीच दिसला. त्याच वर्षीं १८ ऑगस्टला खुद्द मुंबईच्या पोलिसांची संघटना सरकारनें मोडली व शहरांत सैन्य पाचारण करावें लागलें. ज्यांनीं इतरांच्या संघभेदांत पहारा करावयाचा, त्यांसच स्वतःचा संघ राहिला नाहीं, हा विरोध इतिहासकारानें विसरूं नये.

आमचें म्हणणें इतकेंच कीं, रक्षण आणि मान्यता या दोन गोष्टी भिन्न आहेत. नारदानें राजास परस्परोपघात थांबविण्यास सांगितलें तें योग्यच. १९५० च्या राज्यघटनेनें संघ स्थापण्याचा हक्क प्रत्येक नागरिकास दिला, ही स्मृतींत नसलेली भर. या दोहोंचा मेळ घातल्यास पहारा कोणत्याहि संघाकरितां नसून मजुराच्या जीविताकरितां आहे असें ठरतें. मग तो कामास जाणारा असो वा संपावर बसलेला असो.

शेवटीं संग्राहक मित्रांस एक विनंति. आपण वतनपत्रें व महजर जपून ठेवितों. परंतु उचलीच्या चिठ्ठ्या, मुकादमांच्या वह्या, संघटनांचीं हस्तपत्रकें आणि दरकरार वाळवीस देतों. जानेवारी २०२४ मध्यें तोडणीदरांत ३४ टक्के वाढ ठरली, तिचेहि कागद उद्यां दुर्मिळ होतील. श्रेणींचे करार ताम्रपट व शिलालेखांमुळें टिकले. कोयत्याचे करार टिकविणारें दप्तर अद्यापि बांधलेलें नाहीं. तें बीडांतच कोणीतरी बांधावें.