चरित्र अभिनेता आणि माध्यमांतर : दिलीप प्रभावळकर

मराठी अभिनयाचा इतिहास आपण रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी अशा तीन दालनांत लिहितो. परिणामी चरित्र अभिनेत्याची कारकीर्द तिन्हीकडे विखुरते व तिचे सलग मूल्यमापन राहून जाते. दिलीप प्रभावळकर (जन्म १९४४) हे त्याचे ठळक उदाहरण होय.

चि. वि. जोशी यांचा चिमणराव त्यांनी मुंबई दूरदर्शनद्वारे घरोघरी पोचविला. जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’ नाटकात ते मतिमंद मुलाचे हतबल वडील होते. ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात मात्र तशाच अवस्थेतील नंदू ते स्वतःच झाले. एकाच दुःखाच्या या दोन बाजू आहेत. पण एक नाट्येतिहासात, तर दुसरी चित्रपटेतिहासात नोंदली गेल्याने त्यांतील दुवा अभ्यासकांच्या हाती लागत नाही.

‘हसवा फसवी’चे लेखन त्यांचे आणि त्यातील सहा भूमिकाही त्यांच्याच. पुढे त्यांच्या ‘अनुदिनी’ या वृत्तपत्रीय सदरातून ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका साकारली व आजोबांची भूमिका त्यांनीच केली.

२००६ या वर्षासाठीचा सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना ‘लगे रहो मुन्नाभाई’मधील गांधीजी आणि मराठी ‘शेवरी’ या दोहोंसाठी मिळाला. उल्लेख करताना ‘शेवरी’चे नाव बहुधा गळते.