पाऊणपट तिथी

आम्हा रायगड किनाऱ्यावरच्या कोळ्यांच्या पोरांना पाऊणकीचा पाढा शाळेच्या आधी घरात कळायचा. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, एकादशीला सव्वाआठ. पक्ष शुद्ध असो की वद्य, हिशोब तोच, कारण भरती रोज साधारण पाऊण तास उशिरा येते. थोडं मागेपुढे होतं, पण होडी काढायला तेवढं पुरे. इंग्रजांनी मुंबईच्या अपोलो बंदरावर १८७८ पासून यंत्राने भरती-ओहोटी नोंदवायला घेतली. आमच्याकडे दारामागचं पंचांगच तेवढं होतं.

या गणितावर डोल चालायची. समुद्रात रोवलेल्या खुंटांना बांधलेलं हे पिशवीसारखं जाळं स्वतः हलत नाही. पाण्याची ओढच बोंबील, जवळा, करंदी त्यात आणून सोडते. ओढ फिरायच्या आत जाळं उचलावं लागतं. उधाणाला ओढ जोरदार, अष्टमीच्या आसपासच्या भांगाला मंद, म्हणून तेव्हा जाळी वाळत पडायची. नव्या खलाशाला हे कुणी बसवून शिकवत नसे. होडीचा प्रमुख, तांडेल, फक्त विचारायचा, ‘आज तिथी कोणती?’ उत्तर चुकलं की सगळ्या होडीत हशा.

स्वातंत्र्यानंतर सरकारी कर्ज-अनुदानातून होड्यांना इंजिनं बसली. वारा पडला, पाणी उलटं असलं, तरी घरी येता येऊ लागलं. खोल पाण्यात ओढायची जाळी आली, तशी पुरुषांच्या तोंडची तिथी मागे पडली.

बायकांना मात्र ती सोडून चालेना. तिसऱ्या आणि कालवं ओहोटीतच मिळतात. अमावास्या-पौर्णिमेला पाणी सर्वांत लांब हटतं, आणि आमच्याकडे तेव्हाची ओहोटी पडते पहाटे नि संध्याकाळी सहाच्या सुमारास. म्हणून आजी पहाटेच कोयती-टोपली घेऊन खडपावर जायची आणि नातींना बरोबर न्यायची. अष्टमीची ओहोटी भर दुपारी, पण पाणी फारसं उतरत नाही. त्या दिवशी ती घरीच असायची.

मासेमारीचा इतिहास सांगणारे होडी, जाळं, इंजिन यांच्याबद्दल बोलतात. पण इंजिनानंतर भरतीचं गणित जिवंत राहिलं ते टोपलीवाल्या बायकांमुळे, आणि त्यांचं नाव कुठल्याच मच्छीमार सोसायटीच्या दप्तरात सापडत नाही. आज भरतीची वेळ मोबाइलवर दिसते. कुठल्या खडपावर किती पाणी उतरल्यावर पाय ठेवायचा, हे अजून त्यांनाच विचारावं लागतं.