काच धुण्यापासून सुरुवात

परळ, १९५० चं दशक. गिरणीचा भोंगा होऊन गेलाय. ट्रामच्या खडखडाटातून वाट काढत तुम्ही इंडियन कॅन्सर रिसर्च सेंटरच्या दारात उभ्या आहात. जवळच १९४१ साली सुरू झालेलं टाटा मेमोरियल हॉस्पिटल. गावाकडून आलेली माणसं गाठोडी घेऊन बसलीत. रोगाचं नाव मोठ्यानं कोणी घेत नाही. तुम्हाला मात्र प्रयोगशाळेत जायचंय. आजपासून तुम्ही डॉ. कमल रणदिवे यांच्या टिश्यू कल्चर विभागात मदतनीस. देशातली अशी ही पहिलीच प्रयोगशाळा.

पहिलं काम काय? काच धुणं.

नाक मुरडू नका. शरीराबाहेर पेशी जगवायच्या, तर नळीला साबणाचा अंशही राहून चालत नाही. नळ्या धुवा, पुन्हा पुन्हा स्वच्छ पाण्यातून काढा, वाळवा, निर्जंतुक करा. मग मिडियम, म्हणजे पेशींचं अन्नपाणी. ते इथंच बनवायचं. क्षार तोला, साखर तोला, रक्तातला सीरम मिसळा, गाळा. पेशी वाढल्या की त्यातल्या थोड्या उचलून ताज्या मिडियममध्ये लावायच्या, विरजण लावतो तशा. मुंबईच्या दमट हवेत बुरशीचा एखादा कण आत शिरला, की सगळी मेहनत सिंकमध्ये. तुम्ही श्वाससुद्धा बेतानं घेऊ लागता.

बाई हे कुठं शिकल्या, असं तुमच्या मनात येतं. चला, आणखी मागे.

१९३० चं दशक, पुणे. हुजूरपागेतून फर्ग्युसनमध्ये गेलेली कमल समर्थ बी.एससी. होते, विशेष प्रावीण्यासह. वडील तिथेच जीवशास्त्राचे प्राध्यापक. मुलींनी शिकावं यावर ठाम, पण या मुलीनं डॉक्टर व्हावं आणि डॉक्टरशीच लग्न करावं असं त्यांच्या मनात. तिनं दोन्हींपैकी काहीच केलं नाही. १९३९ मध्ये जयसिंग रणदिवे या गणितज्ञाशी लग्न केलं आणि मुंबईत आली. पुढच्या अभ्यासात नवऱ्याची मदत झाली. पुण्याच्या शेतकी कॉलेजातून १९४३ मध्ये एम.एससी. मिळाली, तीही सीताफळ-रामफळाच्या कुळातल्या झाडांच्या गुणसूत्रांवर. कॅन्सरचा इथं मागमूस नाही. पण सूक्ष्मदर्शकाखाली पेशीच्या आत बघायची सवय लागली ती याच झाडांमुळे, असं मला वाटतं.

टाटा मेमोरियलमध्ये कमल रणदिवेंना डॉ. वसंत रामजी खानोलकर मार्गदर्शक मिळाले आणि १९४९ मध्ये मुंबई विद्यापीठाची पीएच.डी. मग रॉकफेलर फाउंडेशनची शिष्यवृत्ती घेऊन बाल्टिमोर, जॉन्स हॉपकिन्स, जॉर्ज गाय यांची प्रयोगशाळा. इथं क्षणभर थांबा. उबदार खोलीत नळ्या खोचलेलं एक चक्र अगदी हळू फिरतंय, म्हणजे पेशींना आळीपाळीनं द्रवही मिळतो आणि हवाही. याच प्रयोगशाळेत १९५१ साली हेनरिएटा लॅक्स या कृष्णवर्णीय बाईच्या गाठीतल्या पेशी अखंड वाढू लागल्या. जगभर त्या वापरल्या गेल्या, आणि तिला कोणी विचारलंही नव्हतं. टिश्यू कल्चरच्या इतिहासातली ही बाजू वगळून पुढं जाऊ नये.

रणदिवेंना परत येऊन जे घडवायचं होतं, त्याची तालीम जॉर्ज गाय यांच्याकडे मिळाली. म्हणून परळच्या नळ्या.

चला, उंदरांच्या खोलीत. वास आधी येतो, पिंजरे नंतर दिसतात. प्रत्येक पिंजऱ्यावर वंशाची चिठ्ठी. काही वंशांत माद्यांना स्तनाच्या गाठी हमखास होतात, काहींत क्वचितच. अमेरिकेत जॉन बिटनर यांनी १९३६ मध्ये दाखवलं होतं, की गाठींच्या वंशातली पिल्लं जन्मताच दुसऱ्या वंशाच्या मादीला पाजायला दिली तर गाठींचं प्रमाण घटतं. म्हणजे दुधातून काहीतरी जातं. ते काहीतरी विषाणू निघालं. रणदिवेंचा प्रश्न याच्या पुढचा: वंशाचा वारसा, संप्रेरकं आणि विषाणू एकमेकांशी कसं वागतात? कॅन्सरचं कारण एकच असावं असा आपला हट्ट असतो. या पिंजऱ्यांपुढे तो टिकत नाही.

शेजारच्या टेबलावर वेगळंच काम. कुष्ठरोगाचा जंतू कृत्रिम मिडियमवर वाढत नाही, आजही नाही. १९५८ मध्ये बापट, रणदिवे आणि खानोलकर यांनी कुष्ठरुग्णाच्या ऊतींतून पेशींच्या साथीनं एक जंतू वाढवला. संस्थेच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून 'आयसीआरसी बॅसिलस' हे त्याचं नाव. तो कुष्ठाचा मूळ जंतू नव्हे, त्याचा नातेवाईक, असं पुढं ठरलं. तरी त्यातूनच पुढं कुष्ठरोगावरची लस तयार झाली. चुकलेल्या वाटेवरचं काम फुकट जातंच असं नाही.

१९६६ ते १९७० बाई संस्थेच्या प्रभारी संचालक. दोनशेच्या वर शोधनिबंध. १९८२ मध्ये पद्मभूषण. हे भराभर सांगतोय, कारण मला १९७३ ला पोचायचंय. त्या वर्षी त्यांनी सहकारी स्त्रियांसह भारतीय महिला वैज्ञानिक संघटना उभी केली. आज वाशीत तिचं नोकरदार स्त्रियांसाठी वसतिगृह आहे, पाळणाघर आहे. पेशी शरीराबाहेर जगायला काय काय लागतं ते जिनं हातानं तोललं होतं, तिला बाईला घराबाहेर टिकायला काय लागतं हे कळायला अवघड गेलं नसावं.

शेवटचा थांबा, १९८९. निवृत्त, सत्तरी ओलांडलेली. नगर जिल्ह्यात अकोले तालुक्यातलं राजूर, सत्यनिकेतन संस्था, आदिवासी मुलांच्या पोषणाचा अभ्यास. २००१ मध्ये त्या गेल्या.

आता परत या. तुमच्या घरात एम.एससी. किंवा पीएच.डी. झालेली कोणी बाळंतपणानंतर प्रयोगशाळेत परतायला बघत असेल, तर मूल कोण सांभाळणार ते आजच बसून ठरवा.